पाय कुणाचे, वारसा कुणाचा?

मुंबईत आता चालायचेही पैसे पडतात. रविवारी सकाळी काळ्या घोड्यापाशी पंधरा-वीस जण गोळा होतात. पायांत भारी बूट, पाठीला पिशवी, हातात पाण्याची बाटली. पुढं गाईड. तो इंग्रजीत बोलतो, बोट वर करतो, की सगळ्यांच्या माना वर. दोन-अडीच तास फोर्टातून फिरतात, शेवटी इराण्याकडं चहा-मस्का खातात आणि घरी जाऊन सांगतात, आज मुंबई पाहिली. याला म्हणतात हेरिटेज वॉक.

दोस्तांनो, चालण्याला आपला विरोध असायचं कारण नाही. शहर बसच्या खिडकीतून कळत नाही, पायांनीच कळतं. जुन्या इमारती बघणाराही आपला दुश्मन नाही. सवाल एवढाच आहे, की दाखवणारा कुठं थांबतो आणि कुठून गुमान पुढं निघून जातो. तो थांबतो तिथं वारसा होतो. तो थांबत नाही तिथं नुसती गर्दी, घाण आणि ट्रॅफिक उरतं. आणि काय वगळायचं हे या देशात जातीला फार चांगलं कळतं.

चला, त्याच्याच वाटेनं जाऊ.

वॉटसन हॉटेलपाशी गाईड हमखास थांबतो. ७ जुलै १८९६ ला ल्युमिए बंधूंचा सिनेमा इथं दाखवला, हे त्याला तारखेसकट पाठ आहे. बरोबर आहे त्याचं. पण त्याच साली, पावसाळा सरता सरता, मांडवीत प्लेग फुटला. माणसं पटापट मेली, लाखो लोक शहर सोडून पळाले. ज्यांना पळायला जागा नव्हती ते इथंच राहिले. मग १८९८ साली सरकारनं इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट काढला. ट्रस्टनं दाट वस्त्या पाडल्या, रस्ते रुंद केले आणि मजुरांसाठी बी.आय.टी. चाळी बांधल्या. परळच्या अशाच एका चाळीत १९१२ ते १९३४ बाबासाहेब राहिले. रमाईनं तिथंच संसार केला. तिथूनच बहिष्कृतांचं राजकारण उभं राहिलं. म्हणजे १८९६ सालापासून एक वाट सिनेमाकडं जाते आणि दुसरी आपल्या चाळीकडं. गाईडला पहिलीच माहीत.

चार पावलांवर एल्फिन्स्टन कॉलेज. गाईड कमानी दाखवतो, गॉथिक-गॉथिक करतो. या कॉलेजातून १९१२ साली एक महार पोरगा बी.ए. झाला, हे तो एका वाक्यात उरकतो, तेही आठवलं तर. पुढं तोच माणूस परदेशात शिकून आला आणि १९१८ साली सिडनहॅम कॉलेजात प्राध्यापक झाला, तेव्हा सोबतच्या प्राध्यापकांना त्यानं पाण्याच्या भांड्याला हात लावलेला चालेना. अर्थशास्त्र शिकवलेलं चालतं, पाणी प्यालेलं चालत नाही! हेसुद्धा फोर्टाचंच हेरिटेज आहे की नाही? दगडाची कमान जपता, मग त्या भांड्याची गोष्ट कुणी जपायची?

राजाबाई टॉवर १८७८ साली पुरा झाला. पैसा प्रेमचंद रायचंदांचा, नाव त्यांच्या आईचं. पैसा आला कापसातून, अमेरिकेत यादवी पेटली आणि इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला तेव्हा. शेटजी ठाऊक, आर्किटेक्ट ठाऊक. दगड फोडणारा वडार, घडवणारा पाथरवट, पाट्या वाहणारी बाई, यांची नावं कुठल्या भिंतीवर आहेत? २०१८ साली युनेस्कोनं मुंबईच्या या गॉथिक आणि आर्ट डेको इमारतींना जागतिक वारसा ठरवलं. ठरवू दे. पण दगडाला मान आणि हाताला विसर, हा हिशेब आपल्याला नवा नाही.

दादाभाई नौरोजी रोडवर तर कमालच होते. गाईड तिथल्या कमानीखालच्या पादचारी वाटेचं गुणगान गातो. त्याच रस्त्यावर आनंद भवन आणि बुद्ध भवन उभं आहे. बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीचं सिद्धार्थ कॉलेज. १९४६ साली सुरू झालं. दिवसभर नोकरी करून शिकणाऱ्या किती पोरांनी त्या जिन्याच्या पायऱ्या झिजवल्या! आपल्या कितीतरी घरांतला पहिला पदवीधर तिथून बाहेर पडला. यापेक्षा मोठा वारसा कोणता? पण त्या जिन्यापुढं टोळकं थांबलेलं क्वचितच दिसेल.

आता दुसऱ्या तऱ्हेचा वॉक. गिरणगावचा. भोंगा, चिमणी, खानावळ, भजनी मंडळ. मग १८ जानेवारी १९८२ चा संप, अडीच लाख कामगार, दत्ता सामंत. शेवटी गिरणीच्या जागेवरचा मॉल. ऐकणाऱ्याचे डोळे ओले होतात. आमचेही होतात, बाप तिथंच राबला. पण गिरणीच्या भिंतीआड काय होतं तेही सांगा ना! जास्त पगाराच्या विणकाम खात्यात अस्पृश्याला शिरकाव नव्हता. का? तर कांडीचा धागा धोट्यातून तोंडानं ओढावा लागायचा आणि महाराचं तोंड लागलेल्या धोट्याला सवर्ण कामगार तोंड लावणार नव्हता. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हाच सवाल लाल बावट्यापुढं टाकला. तेव्हा त्याचं नीट उत्तर मिळालं नाही. आजच्या वॉकमध्ये तर सवालच गायब. कामगार तेवढा एक, असं सांगितलं की गोष्ट गोड होते.

तिसरा वॉक आपल्या दारात येतो. धारावीचा. या शतकाच्या पहिल्या दशकापासून हे सुरू आहे आणि २००८ च्या त्या ऑस्करवाल्या सिनेमानंतर तर गोऱ्यांची रीघच लागली. काही संस्था कॅमेऱ्याला मनाई करतात, मिळकतीतला वाटा वस्तीतल्या पोरांच्या शिक्षणाला देतात. हे चांगलं आहे, तसं म्हणायला आपलं काही जात नाही. पण बोलणं ऐका. कुंभारवाडा दाखवतात, चामड्याचं काम दाखवतात, भंगाराचं काम दाखवतात आणि म्हणतात, बघा, गरीब असून किती उद्योगी! अरे बाबा, चामडं कुणाच्या वाट्याला आलं आणि का आलं? कचऱ्यात हात घालणारा कोण आणि त्या कचऱ्याचा मालक कोण? ते आलं की गाईडची गाडी अडते. गरिबी दाखवतात, जात झाकतात. कारण गरिबीवर हळहळता येतं, दानपेटीत नोट टाकता येते. जातीचं नाव घेतलं की बघणाराच आरोपी होतो.

आणि ज्या रस्त्यावरून हे सगळं चालतं तो रस्ता? पहाटे झाडूवाली येते तेव्हा हा वॉक अजून अंथरुणात असतो. या शहरात रोज सगळ्यात आधी चालते ती हीच बाई. तिच्या हातात झाडू, म्हणून हिची गणती पादचाऱ्यांत नाही. फरशीखाली गटार आहे, गटारात उतरणारा माणूस आहे. १९९३ साली कायदा झाला, २०१३ साली दुसरा झाला, तरी माणसं गुदमरून मरतच राहिली. शेवटी २०२३ साली सुप्रीम कोर्टाला सांगावं लागलं, की गटारात मेलेल्याच्या घरच्यांना तीस लाख द्या. गाईड वर बघा म्हणतो. आम्ही म्हणतो, जरा खाली बघा.

आपल्याला चालणं म्हणजे काय, हे कुणी शिकवायची गरज नाही. पेशवाईत कमरेला झाडू आणि गळ्यात मडकं बांधून चालावं लागायचं, हे बाबासाहेबांनी १९३६ साली लाहोरसाठी लिहिलेल्या आणि करू न दिलेल्या भाषणात नोंदवून ठेवलंय. १९२४ साली वायकोमला लोक झगडले ते देवळात शिरायला नाही, देवळाभोवतीच्या रस्त्यानं चालायला! २० मार्च १९२७ ला महाडात परिषदेच्या मंडपातून चवदार तळ्यापर्यंत माणसं ओळीनं चालत गेली. अंतर किती? काहीच नाही. पण हजारो वर्षं लागली ते चालायला. १० जानेवारी १९७४ ला वरळीच्या दंगलीनंतर निषेधाचा मोर्चा चालला होता, वरून दगड आला, भागवत जाधव गेले. १९७९ साली नागपुरातून औरंगाबादकडं लाँग मार्च निघाला, आणि विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव मिळायला १४ जानेवारी १९९४ उजाडलं. ज्यांच्या चालण्यावरच बंदी होती त्यांना शहर दाखवायला निघालात?

पण नुसत्या शिव्या देऊन भागणार नाही, पोरांनो. घाई आहे. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्गच्या बी.डी.डी. चाळी पडतायत. २०२५ च्या ऑगस्टात वरळीत नव्या घरांच्या पहिल्या चाव्या वाटल्या. एकशे साठ फुटांच्या खोलीत तीन पिढ्या काढलेला माणूस पाचशे फुटांच्या घरात गेला, याचा आनंदच आहे. चाळ तशीच ठेवा म्हणणारे बहुतेक चाळीत राहिलेले नसतात. सामाईक संडासाच्या रांगेचं हेरिटेज त्यांनाच लखलाभ! पण भिंत पडताना भिंतीतली गोष्ट पडू देऊ नका. कुठल्या खोलीत रात्रशाळा भरायची, कुठल्या मैदानात सभा झाली, कुठल्या जिन्यावर पोलिसांनी मारलं, हे ठाऊक असलेली म्हातारी माणसं सत्तरी-ऐंशीची आहेत. बाविसाव्या मजल्यावर गेली की ती शेजाऱ्यालाही सापडणार नाहीत.

म्हणून आपली वाट आपणच काढू. परळच्या बी.आय.टी. चाळीपासून निघायचं. दामोदर हॉल. १९२४ साली बहिष्कृत हितकारिणी सभेची बैठक तिथंच झाली. मग नायगावच्या चाळी, मग हिंदू कॉलनीतलं राजगृह, मग चैत्यभूमी. एका सकाळीत होतं. बोलायचं मराठीत, नाहीतर हिंदीत. जिथं माणूस हयात आहे तिथं आपण तोंड मिटायचं, त्याला बोलू द्यायचं आणि त्याच्या वेळेचे पैसे त्याला द्यायचे. कुणाच्या दारात कॅमेरा घुसवायचा नाही. वस्तीतल्याकडून फी नाही, बाहेरच्याकडून रोकडी. आणि आपल्या गोष्टीही गोड करायच्या नाहीत. आपल्यातल्या पोटजाती, बायांच्या वाट्याला आलेलं घरातलं आणि बाहेरचं राबणं, फुटलेल्या संघटना, सगळं सांगायचं. वगळायची कला त्यांची आहे, ती उचलू नका.

सरकार फलक लावील, पुतळा उभारील, उद्या एसी बसमधून सहलही काढील. काढू दे. पण फलकावर तारीख येते, राग येत नाही.

दरवर्षी ६ डिसेंबरला विदर्भातून, मराठवाड्यातून, कुठून कुठून लाखो माणसं दादर स्टेशनात उतरतात आणि समुद्रापर्यंत चालत जातात. फडक्यात बांधलेली भाकरी, पांढरं लुगडं, काखेत पोर, परतताना हातात पुस्तक. पुढं गाईड नाही. तिकीट नाही. काही शेजारी नाकाला रुमाल लावतात. मुंबईतला सगळ्यात मोठा वॉक हाच आहे आणि वाट कुणाला विचारावी लागत नाही. तिथं जो चालतो त्याच्या पोरानं आता परळला, नायगावला, फोर्टालाही उभं राहावं आणि मोठ्यानं सांगावं, की इथं काय झालं होतं.

जय भीम.