मोकळा प्लॉट



नातीच्या बेटावरचा एक शेजारी उन्हाळ्याच्या सुट्टीत घर सोडून गेला आणि आमच्याकडे तीन दिवस दुसरा विषयच नव्हता. बेट अर्थातच खरं नाही. 'अ‍ॅनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स' नावाचा निन्टेन्डो या जपानी कंपनीचा व्हिडिओ गेम आहे, २० मार्च २०२० ला बाजारात आलेला. आपल्याकडच्या जनता कर्फ्यूच्या दोन दिवस आधी! जगभर माणसं घरात कोंडली गेली, तेव्हा लाखो लोक या गेममधल्या बेटांवर राहायला गेले. नात नागपूरला असते, सुट्टीत इकडे जामसांवलीला येते आणि येताना बेट घेऊन येते.

ज्यांच्या घरी हा प्रकार नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. यात मारामारी नाही, शर्यत नाही, जिंकणं-हरणं नाही. एका ओसाड बेटावर तुम्ही आणि दोन शेजारी उतरता. शेजारी म्हणजे मांजर, अस्वल, बदक, बेडूक असे कपडे घालून बोलणारे प्राणी. टॉम नूक नावाचा एक गोलमटोल व्यवहारी प्राणी तुम्हाला घरासाठी कर्ज देतो. व्याज घेत नाही, तगादाही लावत नाही. असा सावकार आमच्या तालुक्यात आजवर झाला नाही. मासे धरा, झाडं लावा, फळं विका आणि सावकाश फेडा. बेटावर एक गावठी फळ ठरलेलं असतं. नातीच्या बेटाला योगायोगाने संत्रं मिळालं, तेव्हा आमच्या ह्यांना फार आनंद झाला. पण विकायला गेलं की गावच्या फळाला शंभर बेल्स मिळतात आणि बाहेरून आणलेल्या फळाला पाचशे. "इथंबी तेच?" म्हणून हे उठून गेले. सौंसर-पांढुर्ण्याच्या संत्रा बागायतदाराला याहून जास्त समजावून सांगावं लागत नाही.

आता मुद्दा शेजाऱ्यांचा. बेटावर जास्तीत जास्त दहा शेजारी राहू शकतात. नवा शेजारी आणायचा तर आधी त्याच्यासाठी जागा आखायची. सुरुवातीचे तीन प्लॉट सोडले तर पुढच्या प्रत्येकाला दहा हजार बेल्स मोजायचे. मग शेजारी शोधायचा. त्याची एक वाट म्हणजे तिकीट काढून दुसऱ्या अनोळखी बेटावर जायचं. तिथं कुणीतरी एकटं फिरत असतं, त्याच्याशी गप्पा मारायच्या आणि "आमच्याकडे या राहायला" म्हणायचं. दुसरी वाट म्हणजे आपल्या बेटावर तंबूची जागा आहे, तिथं अधूनमधून कुणी पाहुणा येतो, त्याला थांबवून घ्यायचं. ठरलं की प्लॉटवर विकल्याची पाटी लागते. दुसऱ्या दिवशी घर उभं असतं, आत सगळीकडे खोकी आणि नवा शेजारी मधोमध उभा राहून सांगतो की अजून सामान लावायचंय. दुसरा दिवस म्हणजे खरोखरचा दुसरा दिवस, कारण त्या बेटावरचं घड्याळ आपल्याच घड्याळाबरोबर चालतं.

आणि तिसरी वाट अशी की तुम्ही काहीच केलं नाही आणि प्लॉट मोकळाच राहिला, तर एक-दोन दिवसांत गेम स्वतःच कुणाला तरी पाठवून देतो. कोण येईल ते आपल्या हातात नाही. नातीची घालमेल चालली होती ती यासाठी.

तिला रेमंड हवा होता. रेमंड म्हणजे सुटाबुटातलं एक मांजर, एक डोळा एका रंगाचा आणि दुसरा दुसऱ्या. चारशेच्या आसपास प्राण्यांमधून तो भेटायचा म्हणजे नशीब लागतं. २०२० साली या रेमंडपायी लोक इतके वेडे झाले की त्याला आपल्या बेटावर आणण्यासाठी खरे पैसे मोजण्यापर्यंत गेले. लोकांनी याद्या केल्या. वरच्या श्रेणीत हवेहवेसे, खालच्या श्रेणीत नकोसे. नकोसा राहायला आलाच तर त्याच्याशी बोलायचं नाही, त्याला फुलपाखरं धरायच्या जाळीने टपली मारायची, म्हणजे तो कंटाळून जाईल असं मुलं एकमेकांना सांगतात. तसं काही होत नाही. कार्यालयात इसाबेल नावाची एक कुत्री बसते, तिच्याकडे शेजाऱ्याची तक्रारही करता येते. ती गोड बोलते, मनावर घेते आणि फार तर त्याचे कपडे नाहीतर बोलण्याची लकब बदलायला लावते. शेजारी तिथंच. गेम बनवणाऱ्यांनी हे मुद्दाम असं ठेवलं असणार, असं मला वाटतं.

नातीची तिकिटं संपली, रेमंड काही भेटला नाही आणि प्लॉटवर आपोआप एक बेडकी येऊन बसली. नाव जॅम्बेट. मोठे जाड ओठ, साधीसुधी, घरकामाच्या गप्पा मारणारी. याद्यांमध्ये अगदी तळाला. नातीचं तोंड उतरलं. मी मात्र नावावरच खूश झाले. जामनदीच्या काठावर जन्म काढलेल्या बाईला जॅम्बेट परकी कशी वाटेल?

या गेमचा जन्म मला त्यातल्या प्राण्यांपेक्षा महत्त्वाचा वाटतो. पहिला 'अ‍ॅनिमल क्रॉसिंग' जपानमध्ये १४ एप्रिल २००१ ला आला. तो बनवणाऱ्यांपैकी एक कात्सुया एगुची. हे गृहस्थ मूळचे चिबाचे, नोकरीसाठी क्योटोला गेले. घर, आईवडील, मित्र सगळं मागे राहिलं आणि आपली माणसं जवळ असण्यात काय असतं ते त्यांना तिथं कळलं. तीच चुटपुट पुढे या गेममध्ये उतरली, असं त्यांनी सांगितलेलं आहे. म्हणजे हा गेम मुळात आपल्यासारख्यांचाच, गाव सोडून परमुलखात बिऱ्हाड थाटलेल्यांचा. आपल्या मंडळातल्या किती घरांची हीच गोष्ट आहे ते तुम्हाला सांगायला नको. घरांचा दुसरा प्रसिद्ध गेम, 'द सिम्स', बनवणारे विल राइट यांचं घर १९९१ च्या ओकलंडच्या वणव्यात जळालं होतं. त्याच मालिकेतल्या 'सिम्स ४' मध्ये तर नव्या घरात गेलं की आजूबाजूचे लोक केक घेऊन दारात येतात. कुणीतरी घर गमावतं, तेव्हा शेजार आठवतो बहुतेक.

जुन्या आवृत्त्या जास्त खऱ्या होत्या असं म्हणेन. आधीच्या 'न्यू लीफ'मध्ये नवा शेजारी न विचारता कुठंही घर बांधायचा. तुम्ही जपलेल्या फुलांच्या वाफ्यावर, येण्याजाण्याच्या वाटेवर, कुठंही. आणि तुम्ही बरेच दिवस गेम उघडला नाही तर एखादा न सांगता निघूनही जायचा. परत यावं तर त्याच्या जागी मोकळी जमीन. लोकांनी कुरकुर केली असणार, कारण नव्या आवृत्तीत जागा आपण ठरवतो आणि जायचं मनात असलेला शेजारी डोक्यावर विचारांचा ढग घेऊन हिंडतो, आपल्याला विचारतो. "नको जाऊस" म्हटलं की राहतो. किती सोपं! माझा धाकटा बंगळूरला गेला तेव्हा त्याच्या डोक्यावर असा ढग मला कितीतरी महिने दिसत होता. पण त्याने विचारलं नाही आणि विचारलं असतं तरी मी "नको" म्हटलं नसतं.

आता आमच्या गल्लीतल्या मोकळ्या प्लॉटचं सांगते, कारण हे सगळं लिहायला बसले ती त्याच्यामुळे. आमच्या भिंतीला लागून तो प्लॉट वर्षानुवर्षं पडून होता. मालक पुण्याला. जामसांवलीला मारुतीरायाच्या दर्शनाला पूर्वीपासून विदर्भातून आणि मध्य प्रदेशातून लोक येतात. पिंपळाखाली पहुडलेली मूर्ती, मंगळवार-शनिवारची गर्दी. घरातल्या आजारी माणसाला घेऊन कुटुंबं येतात, मुक्काम करतात. २०२३ च्या ऑगस्टमध्ये इथं हनुमान लोकचं भूमिपूजन झालं, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पांढुर्णा जिल्हा झाला आणि पडीक जागांनाही गिऱ्हाईक येऊ लागलं. गेल्या दिवाळीनंतर आमच्या शेजारच्या प्लॉटचा सौदा ठरतोय असं कळलं. घेणारे बैतुलकडचे, नारळ-फुलांचं दुकान लावणारे, घरात हिंदी बोलणारे.

दोन दिवसांत गल्लीतली चार माणसं आमच्या ओसरीवर. "काकाजी, मालक तुमचं ऐकते. जरा थांबवा म्हणा." काय थांबवायचं? तर आधी पाहायला हवं. "कोण लोक हायेत, ते तं समजू द्या." कोण लोक म्हणजे काय विचारायचं असतं ते आपल्याकडे लहान पोरालाही कळतं.

गंमत अशी की त्या चौघांपैकी दोघांची मुलं बाहेरगावी आहेत. माझ्या धाकट्याला भाड्याचं घर शोधताना तीन ठिकाणी आधी आडनाव आणि मग स्वयंपाकात काय शिजतं ते विचारलं होतं. तिसऱ्या ठिकाणी किल्ली हातात देऊन परत घेतली. तेव्हा याच ओसरीवर हीच मंडळी चिडली होती. मी चहा देताना ती आठवण काढली. कुणी काही बोललं नाही. एकाने चहा छान झालाय म्हटलं.

तुम्ही म्हणाल गेम वेगळा आणि गल्ली वेगळी. बरोबर आहे. बेडकीच्या घरातून रात्री बाराला डीजे वाजत नाही, सांडपाणी आपल्या अंगणात येत नाही, हद्दीवरून भांडण तहसीलपर्यंत जात नाही. शेजाऱ्याची काळजी वाटणं यात चूक काही नाही. पण यादी आधी करायची आणि माणूस नंतर पाहायचा, हे मला नातीच्या गेममध्येही खटकलं आणि गल्लीत तर जास्तच. आमच्या सासऱ्यांना शेजार हा विषय निघाला की १९५६ आठवायचं. १ नोव्हेंबरला विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, आमचा तालुका छिंदवाड्याबरोबर मध्य प्रदेशात राहिला. नागपूर राजधानी होती ती भोपाळ झाली. ते म्हणायचे, घर एक वीतही हललं नाही आणि शेजार सगळा बदलला. आपल्याला कुणी विचारलं होतं काय? पुढे याच घरात त्यांचं अर्धं बोलणं हिंदीत व्हायचं आणि भोपाळच्या मित्रांची पत्रं ते जपून ठेवायचे. जामच्या काठच्या पांढुर्णा आणि सावरगावाचंही बघा ना. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमारीत एकमेकांवर दगड, बाकी वर्षभर बाजार एक. (गोटमारीचं मी समर्थन करत नाही. डोकी फुटतात, जीव गेलेले आहेत. पण ते दुसऱ्या लेखात.)

आमच्या ह्यांनी पुण्याला फोन केला खरा, पण थांबवायला नाही. पाण्याची सोय होईपर्यंत आमच्या विहिरीवरून घेऊ द्या त्यांना, एवढंच म्हणाले. सौदा झाला.

जोत्यापासून नळी आमच्या विहिरीवरून गेली आहे. स्लॅब पडला त्या दिवशी गल्लीत घरोघरी पेढे आले, त्या चारही घरी आले. कुणी कसे घेतले ते मी विचारलं नाही. दसऱ्याला गृहप्रवेश करायचा म्हणतात. पहिला पाऊस पडल्यावर त्या बाई परवा भिंतीपाशी आल्या, हातात संत्र्याची दोन कलमं. "दीदी, किस तरफ लगाऊँ? आपके आँगन की धूप तो नहीं जाएगी?" मी आत येऊन उन्हाचा अंदाज घेतला, ह्यांना विचारलं आणि सांगितलं, पूर्वेचा कोपरा सोडून कुठंही लावा, तिथं माझी पापडांची खाट असते.