पाटील, रिपोर्ट पुरता लिहा

पोलीसपाटील गावातलाच माणूस. गुन्हा झाला की कळवायचं, हे काम त्याला १९६७ च्या कायद्याने लावून दिलेलं. आणि त्याचाच पोरगा जंगलातला प्लॉट कसतो. गार्ड येतो नि म्हणतो, "पाटील, पोराचं नाव लिहून द्या." नाही लिहिलं तर पाटीलकी जाते. लिहिलं तर घरात कुणी बोलत नाही. असे बाप आपल्या पाड्यांत पुष्कळ आहेत.

काही साथी म्हणतात, असल्या माणसाला मीटिंगला बसू देऊ नका. आम्हाला हे पटत नाही. त्याला एकटं पाडलं की तो गार्डाच्याच ओट्यावर जाऊन बसणार.

आमचं म्हणणं असं: रिपोर्ट लिहा, पण पुरता लिहा. "अमक्याने जंगल तोडलं" एवढंच लिहिणं म्हणजे अर्धं लिहिणं. नांगर किती सालापासून चालतो, दंडाच्या पावत्या कोणत्या सालच्या, शेजारी साक्षीदार कोण, हेही लिहा. डिसेंबर १९७८ मध्ये सरकारनेच ठराव केला की ३१ मार्च १९७८ पर्यंतची भूमिहीनांची शेतीची अतिक्रमणं कायम करावीत. म्हणजे खरं साल लिहिलं तर तेच पोराच्या कामी येईल. गार्डाला नाव पाहिजे, साल नको. का नको, ते समजून घ्या.

मग पोराला लपवायचं का? नाही. आरोपीला आसरा देण्याच्या गुन्ह्यातून कायदा नवरा-बायकोला सोडतो, आईबापाला सोडत नाही. वॉरंट असेल तर दिवसाउजेडी, दहा माणसं सोबत घेऊन कोर्टात हजर करा.

पण पोरगा सापडत नाही म्हणून बापाला ठाण्यात बसवून ठेवायचं, असं कुठल्याच कायद्यात नाही. साक्षीसाठी बाईला ठाण्यावर बोलावता येत नाही, घरी येऊन विचारावं लागतं. अटक केली तर २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करावं लागतं. कायदा पाळायचा तर दोघांनी पाळायचा.

आणि पोराने खरंच कुणावर कुऱ्हाड उचलली असेल तर? तर बापाने खोटं बोलू नये. संघटनाही बोलणार नाही. वकील देऊ, साथ देऊ, खोटी साक्ष देणार नाही. आपली जमीन खऱ्यावर उभी आहे, ती खोट्यावर कशाला टेकवायची?

पुढच्या मीटिंगला पोलीसपाटलांनाही बोलवा. येताना पावत्या घेऊन या म्हणावं.