डॉल्बी दारात येण्याआधी कुत्र्याला तयार करा

सातारा असो वा सांगली, विसर्जनाला डॉल्बी वाजतो आणि दिवाळीत सुतळी बॉम्ब फुटतात. त्या रात्री अनेक घरांतला कुत्रा पलंगाखाली थरथरत बसतो, नाहीतर साखळी तोडून पळतो. जत-आटपाडीकडचा कारवानी तर धावण्यासाठीच प्रसिद्ध. तो बिथरून सुटला तर हाती लागणे कठीण. गणेशोत्सवाआधीचे दीड-दोन महिने हाती ठेवा. तयारीची वेळ हीच.

इतकी भीती का?
माणसाला साधारण २०,००० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकू येतात, कुत्र्याला सुमारे ४५,००० पर्यंत. शिवाय स्फोट कुठून आणि कधी होईल, हे त्याला कळत नाही. धाप, लाळ, लपणे ही नाटके नव्हेत.

सराव कसा घ्यायचा?
मोबाईलवर फटाक्यांचा आवाज अगदी हळू लावा. कुत्र्याने कान टवकारावेत, पण घाबरू नये. आवाज येताच आवडता खाऊ द्या. आवाज थांबला की खाऊही थांबवा. रोज पाच मिनिटे पुरे. काही दिवसांनी आवाज किंचित वाढवा. त्याने खाणे सोडले तर एक पायरी मागे या. ‘सवय होईल’ म्हणून मांडवाजवळ बांधू नका, भीती वाढते. आणि मोबाईलच्या स्पीकरमधून डॉल्बीचा छातीत धडधडणारा बास येत नाही, म्हणून सराव झाला तरी बेसावध राहू नका.

त्या रात्री काय कराल?
लवकर फिरवून आणा. आतल्या खोलीत ठेवा, खिडक्या लावा, पंखा किंवा टीव्ही सुरू ठेवा. लपला तर ओढून काढू नका. जवळ आला तर कुरवाळा. त्याने भीती वाढते हा गैरसमज आहे. गळपट्ट्यावर फोन नंबर हवाच. औषध फक्त पशुवैद्यकांच्या सल्ल्याने. माणसांची झोपेची गोळी मुळीच नको. वयस्क कुत्रा अचानक आवाजाला घाबरू लागला, तर त्याला काही दुखत नाही ना, हेही तपासून घ्या.

आणि गल्लीतल्या कुत्र्यांचे काय?
त्यांचा सराव कोण घेणार? ध्वनिप्रदूषणाच्या २००० च्या नियमांनुसार निवासी भागात मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल आहे. दहा डेसिबल वाढले की ध्वनीची तीव्रता दसपट होते. घरातल्या कुत्र्याला आपण शिकवू शकतो. गल्लीतल्यासाठी आवाजाचे बटण आपल्यालाच खाली करावे लागेल. त्याच गल्लीत तान्ही बाळे आणि आजारी म्हातारी माणसेही झोपलेली असतात.