आधी पूर्ण बघा, मग ढकला!

खंडाळा म्हटलं की तुम्हाला 'गुलाम'मधला आमिर खान आठवणार. सॉरी बॉस, आपला खंडाळा वेगळा! पुण्याहून साताऱ्याला जाताना खंबाटकीच्या पायथ्याशी लागतो तो. घाट चढण्याआधी इथे चहाला थांबा. कटिंग येईपर्यंत प्रत्येक टेबलावर एक तरी व्हिडिओ वाजून संपतो आणि कुठल्यातरी ग्रुपवर पुढे जातोसुद्धा. चालायचंच. पण या 'पुढे जाण्यात' काय ताकद आहे, ते बघा.

डिसेंबर २०२१. सांगली जिल्ह्यातलं देवराष्ट्रे, म्हणजे यशवंतराव चव्हाणांचं जन्मगाव. तिथल्या दत्तात्रय लोहार यांनी मुलाच्या हौसेसाठी भंगारातून चारचाकी बनवली, चक्क किक मारून सुरू होणारी! खर्च साठेक हजार रुपये. व्हिडिओ फिरत फिरत आनंद महिंद्रांपर्यंत पोचला. त्यांनी कौतुक केलं, या गाडीच्या बदल्यात नवी बोलेरो देऊ केली आणि जानेवारी २०२२ मध्ये ती दिलीसुद्धा. एरवी गावातला एक कारागीर एवढ्या मोठ्या उद्योगपतीच्या नजरेत कधी आला असता?

आता दुसरी बाजू. १ जुलै २०१८, रविवार, धुळे जिल्ह्यातलं राईनपाडा. बाजाराचा दिवस. मुलं पळवणारी टोळी आल्याची अफवा मोबाईलवरून आधीच घरोघर पोचली होती. भिक्षा मागत फिरणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या पाच जणांना जमावाने ठेचून मारलं. पाचही निरपराध.

त्या काळात देशभर फिरलेला एक व्हिडिओ तर मुळात कराचीतला होता. मुलांना जपा, एवढंच सांगणारी जाहिरात. मोटरसायकलवरचे दोघे मूल उचलतात, मग परत आणून सोडतात आणि पालकांसाठी फलक दाखवतात. कुणीतरी शेवटच कापला. उरलं फक्त अपहरण!

त्याच जुलैत व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी फॉरवर्ड करण्याची मर्यादा आणली. पण पाच वेळा ढकलणारा अंगठा आपलाच ना?

म्हणून म्हणतो, व्हिडिओला शिव्या घालून उपयोग नाही. देवराष्ट्र्याच्या व्हिडिओत माणूस होता, गाव होतं, गाडी होती. कुणीही जाऊन खात्री करावी. अफवेच्या व्हिडिओला ना गाव, ना तारीख, ना शेवट. होती फक्त भीती, आणि भीती कौतुकापेक्षा जोरात पळते.

तेव्हा फॅमिली ग्रुपवर काकांनी 'सावधान!' टाकलं की हसून सोडून देऊ नका. प्रेमाने विचारा, 'काका, कुठला हो हा? कधीचा? आणि पुढे काय झालं?' काका दोन दिवस रुसतील. रुसू देत. लग्नकार्यात भेटतीलच, तेव्हा काढा समजूत!