हुबेहूबपणाचा हव्यास

कृत्रिम आकृती माणसाशी जसजशी मिळतीजुळती होत जाते, तसतसा तिच्याविषयीचा आपला जिव्हाळा वाढत जातो; परंतु हे साम्य पूर्णत्वाच्या उंबरठ्याशी येताच तो एकाएकी आटून त्याच्या जागी शिसारी उत्पन्न होते, असे मासाहिरो मोरी या जपानी यंत्रमानवतज्ज्ञांनी १९७० साली मांडले आणि आलेखातील त्या घसरणीस दरी म्हटले. दाखल्यादाखल त्यांनी कृत्रिम हात घेतला होता: शिरा, नखे, बोटांवरील रेषा, सारे जिथल्या तिथे, मात्र हस्तांदोलन करताच त्याचा गारठा आणि निर्जीव पकड जाणवून अंगावर काटा उभा राहतो.

१९९४ साली निवर्तलेले नट पीटर कुशिंग २०१६ च्या ‘रोग वन’ चित्रपटात संगणकाच्या करणीने पुनश्च अवतरले, तेव्हा अनेक प्रेक्षकांची अशीच गत झाली. अभिनय गाय हेन्री यांचा, मुद्रा कुशिंग यांची. वारसदारांची परवानगीही रीतसर घेतलेली. तरीही मन बिचकले, याचे कारण केवळ तांत्रिक कसूर नव्हे, असे मला वाटते. मनुष्याच्या व्यवहारात चेहरा हा जामीन असतो. बोलल्या शब्दाची जबाबदारी घेणारे कोणी त्यामागे उभे आहे, अशी हमी तो देतो, आणि ती हमी पोकळ असल्याचा सुगावा लागताच आपण दचकतो.

म्हणूनच ही दरी ओलांडण्यासाठी चाललेला आटापिटा मला अनाठायी वाटतो. खुद्द मोरींनीही रचनाकारांना पलीकडचे शिखर गाठण्याऐवजी अलीकडच्याच शिखरावर थांबण्याचा सल्ला दिला होता. चष्मा डोळ्याची नक्कल करीत नाही, तरी चेहऱ्यास शोभा देतो, हे त्यांचे उदाहरण मार्मिक आहे. जपानच्या बुन्राकू नाट्यात एकेक बाहुली तिघे कलावंत प्रेक्षकांदेखत नाचवितात, प्रमुख कलावंताचा तर चेहराही बहुधा उघडाच असतो, आणि तरीही बाहुलीच्या शोकाने प्रेक्षक गहिवरतात.

उद्या बँकेत वा इस्पितळात असे संगणकीय मुखवटे कारकुनी करू लागतील. त्यांनी आपले कृत्रिमपण प्रथमदर्शनीच जाहीर करावे आणि त्यांच्या बोलण्यास कोण जबाबदार, त्याचे नाव समोर असावे, असा दंडक सरकारने आताच घालावा. मुखवटे निर्दोष होऊन आपले दचकणे बंद पडले, की ही मागणी करण्याचे कोणास सुचणारही नाही.