निवेदने खूप झाली, आता क्रेडिट मोजा

दरवर्षी १ नोव्हेंबरला आपण काळा दिन पाळतो, पाट्यांच्या भाषेवरून रस्त्यावर उतरतो, निवेदने देतो. ते केलेच पाहिजे. पण जून महिन्यात पोराचे नाव कॉलेजात घालताना किती पालक विचारतात, की या पदवीला एकूण क्रेडिट किती आणि त्यात मराठीला किती? मी ज्यांना विचारले त्यांतल्या एकालाही सांगता आले नाही. त्यात दोघे मंडळाचे पदाधिकारी!

आमच्या वेळी बी.कॉम. म्हणजे तीन वर्षे, ठरलेले पेपर, राहिला तर एटीकेटी. आता पदवी क्रेडिटने मोजतात. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या डिसेंबर २०२२ च्या आराखड्यात तीन वर्षांच्या पदवीला किमान १२० आणि चार वर्षांच्या ऑनर्सला १६० क्रेडिट आहेत. एक क्रेडिट म्हणजे वर्गातले १५ तास, प्रात्यक्षिकाचे ३०. १२० पैकी निम्मे मुख्य विषयाला. आणि भाषांना? भारतीय भाषा आणि इंग्रजी मिळून किमान ८. या आठांत आपली मराठी कुठे बसवायची, हा खरा सीमाप्रश्न आहे आणि त्यावर एकही मोर्चा निघालेला नाही.

कर्नाटकातले उदाहरण घ्या. २०२१-२२ पासून येथे नवे धोरण आले आणि ऑगस्ट २०२१ च्या आदेशाने पदवीला कन्नड सक्तीची झाली. भाषा दोन. एक कन्नडला गेली, दुसरी नोकरीच्या भीतीने पोरे इंग्रजीला देणार. मराठीला उरले काय? ती सक्ती उच्च न्यायालयाच्या अंतरिम आदेशाने थांबली. पण न्यायालयात पुढे कोण गेले? संस्कृत भारती. बेळगावच्या मराठीचे नुकसान संस्कृतवाल्यांनी थोपवले, आणि आपण कुठे होतो?

पुढे मे २०२४ मध्ये कर्नाटकाने चार वर्षांची रचना सोडून पुन्हा तीन वर्षांची पदवी आणली. त्याच वर्षी महाराष्ट्राने नवी रचना संलग्न कॉलेजांत लागू केली. म्हणजे बेळगावचा हिशेब वेगळा आणि चंदगड-गडहिंग्लजचा वेगळा. तरी आपले कार्यकर्ते अजून छातीठोकपणे सांगतात, "इथे जमत नाही तर दुसऱ्या वर्षाला पलीकडे घाल." अहो, पहिल्या वर्षाचे किती क्रेडिट तिकडचे विद्यापीठ मान्य करील हे विचारलेत का? विषय जुळला नाही तर पोराचे वर्ष जाते, सल्ला देणाऱ्याचे काही जात नाही.

मी बँकेत काम करतो. बेळगावात भरलेला रुपया कोल्हापूरच्या शाखेतही रुपयाच असतो. २०२१ ची क्रेडिट बँक तशी नाही. तिथे पैसे भरणारा विद्यार्थी नसतो, संस्था असते. तिने नोंद केली नाही तर खाते रिकामे. क्रेडिटची मुदत जास्तीत जास्त सात वर्षे आणि पदवी देणाऱ्या संस्थेतून निदान निम्मे मिळवावे लागतात. एक मुलगा माझ्या काउंटरवर येऊन विचारत होता, "काका, एबीसीचे खाते इथे निघते का?" आजूबाजूचे हसले. मला हसू आले नाही. ते डिजिलॉकरवरून निघते, एवढेही त्याला कॉलेजात कोणी सांगितले नव्हते.

दोष सगळा सरकारवर ढकलून चालणार नाही. "मराठी घेऊन काय करणार" असे घरात म्हणणारे आपणच. मुले मराठी घेत नाहीत, मग तासिका कमी, मग प्राध्यापकाची जागा रिकामी, आणि रिकामी जागा भरत नाहीत. मग पुढच्या वर्षी कॉलेज म्हणते, विषयच उपलब्ध नाही. त्यावर आपण निवेदन देतो!

माझी मागणी साधी आहे. प्रवेशाच्या आधी मंडळाने आपल्या भागातील प्रत्येक कॉलेजकडून लेखी घ्यावे: पदवीला एकूण क्रेडिट किती, मराठी कोणत्या सत्रात आणि किती क्रेडिटची, बाहेरून आलेल्याचे कोणते क्रेडिट धरतात. ते मराठीत छापून शाळाशाळांतून बारावीच्या वर्गात वाटावे. पत्रकाच्या छपाईचा खर्च काळ्या झेंड्यांपेक्षा जास्त येणार नाही. येत्या बैठकीत हा ठराव मी मांडणार आहे. ज्यांना तो किरकोळ वाटतो त्यांनी आपल्या पाल्याचे क्रेडिट सांगून मग विरोध करावा.