रौप्याचं वजन

‘आई झाल्यावरही!’ या आठवड्यात एका वाहिनीच्या पट्टीवर पुन्हा हे शब्द झळकले आणि माझा चहा निवला. खेळाडू कोण, ते सोडा. त्या ‘ही’शी माझं जुनं वैर आहे. ‘बाप झाल्यावरही’ असा मथळा मी तरी अजून वाचलेला नाही.

अशा वेळी मला कार्डिफची एलिनॉर बार्कर आठवते. पोहण्याचा वर्ग चुकवायचा म्हणून दहाव्या वर्षी ही पोरगी सायकलकडे वळली आणि मेंडीच्या उघड्या ट्रॅकवर गेली. सायकलपटू गेरेंट थॉमसही तिथलाच. (आपल्याकडे पोहणं चुकवणाऱ्याला स्कॉलरशिपच्या क्लासला बसवतात.)

तिचं नाव निघालं की लोक रिओ 2016 काढतात. टीम परस्युटचं सुवर्ण, 4 मिनिटं 10.236 सेकंदांचा विश्वविक्रम, वय 21. मला विचाराल तर पॅरिसचं 2024चं मॅडिसन शर्यतीतलं रौप्य त्याहून जड आहे. हसा खुशाल.

टीम परस्युट म्हणजे चौघींनी एकमेकींच्या चाकाला चिकटून ओढलेली 4 किलोमीटरची रेघ. कोण किती दमली, हे घड्याळाला कळत नाही. ते तिसरीचं चाक रेषा ओलांडेपर्यंत थांबतं आणि मोकळं होतं. मॅडिसनमध्ये असा आडोसा नाही. दोघींची जोडी, 120 फेऱ्या, दर दहाव्या फेरीला गुणांसाठी झुंबड. एक शर्यतीत, दुसरी वर उतारावर संथ फिरत दम खाते. मग धावत्या गर्दीत हात धरून एकमेकींना पुढे भिरकावायचं. चुकीच्या क्षणी हात दिला तर सगळ्या स्टेडियमला दिसतं. शिवाय कुणाला सोडायचं, कुणाच्या मागे लागायचं, हे धापा टाकताना ठरवायचं. नीह इव्हान्सबरोबर बार्करने हे 2023मध्ये ग्लासगोला केलं आणि जगज्जेतेपद घेतलं. पॅरिसला फक्त इटलीची जोडी पुढे राहिली. एकविसाव्या वर्षी पाय असतात. हे डोकं नंतर येतं, असं माझं मत. पुरावा मागू नका.

मधल्या काळात एंडोमेट्रिओसिसचं दुखणं झालं आणि मार्च 2022मध्ये मुलगा झाला. मथळेवाल्यांचं ‘पुनरागमन’ ते हेच. वर संथ फिरणारी शर्यतीबाहेर गेलेली नसते, हे मॅडिसन एकदा पाहिलेल्यालाही कळतं.

आणि टोकियो? तिथे 2021च्या ऑगस्टमध्ये ती पात्रता फेरी खेळली, संघाला रौप्य मिळालं. तेव्हा ती गरोदर होती. ‘आई होतानाही’ असा मथळा त्या दिवशी कुणी दिला नाही. तिने ते जाहीर केलंच नव्हतं.